बेवारशी बूट

१

बुधवारी दुपारी माझ्या दारातला उजवा बूट चोरीला गेला आणि मला कोणाकडे तक्रारही करता येईना.

तक्रार करायची तर बूट कोणाचा ते सांगावं लागलं असतं. पुरुषाचा, काळा, दहा नंबरचा बूट. या बिल्डिंगच्या सगळ्यात वरच्या मजल्यावर मी एकोणीस वर्षं राहते. लग्न केलं नाही. फ्लॅट घेतला तेव्हा एकटी बाई म्हटल्यावर लोकांच्या कपाळावर आठ्या पडायच्या, म्हणून मी सोसायटीत सांगून टाकलं, "भाऊ असतो माझ्याकडे." भाऊबिऊ कोणी नव्हता. मग दारात पुरुषाचे बूट तरी दिसावेत म्हणून एक जोड विकत आणला. दुकानदाराने नंबर विचारला तेव्हा मी क्षणभर थांबून दहा म्हटलं. खोटा तर खोटा, पण भाऊ अंगापिंडाने भक्कम असलेला बरा.

त्या बुटांनी काम चोख केलं. दारावर येणारे विक्रेते बूट बघून आवाज खाली घ्यायचे. मीही आत तोंड करून म्हणायची, "दादा, तुम्ही झोपा, मी बघते."

मी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर होते. चौतीस वर्षं कानाला हेडफोन. माणूस खरं बोलतोय की थापा मारतोय, हे मला त्याच्या श्वासावरून कळायचं. आता माझ्याच घरातला फोन आठवडा आठवडा वाजत नाही, म्हणून मी जिना ऐकते. बिल्डिंगला लिफ्ट नाही. तळमजल्यावरच्या शिंप्याची चप्पल चटचट वाजते. पहिल्या मजल्यावरचे सेक्रेटरी सॅण्डल फरफटत चालतात. दुसऱ्या मजल्यावर नर्सबाई आणि त्यांची मुलगी चिमी राहतात, आणि समोर एक नोकरदार जोडपं. नर्सबाईंचे रबरी बूट चुकचुकतात. नवरा दोन-दोन पायऱ्या चढतो, बायकोच्या टाचा टकटक करतात. तिसऱ्यावर मी. माझ्या समोरच्या फ्लॅटला कायमचं कुलूप. त्यामुळे सगळी पावलं दुसऱ्या मजल्यापर्यंत येतात आणि संपतात.

त्या दुपारी साडेतीननंतर सेक्रेटरी जिना चढून वर आले. मी अभ्रा घालायला घेतलेली उशी तशीच हातात धरून बसले. गुडघ्यांमुळे त्यांनी कित्येक वर्षांत वर पाऊल टाकलेलं नाही. सॅण्डल माझ्या दारापर्यंत आली आणि थांबली. बेल काही वाजली नाही. दोन मिनिटांनी शिंपी आला. तोही थांबला. मग नर्सबाई, मग ते नवरा-बायको, एकामागून एक. सगळी बिल्डिंग माझ्या दाराशी गोळा होत होती आणि वर आलेलं कोणीही खाली जाताना ऐकू येत नव्हतं.

मी उठून केस नीट केले. खोटं कशाला बोलू, मला आनंद झाला होता. त्यातली तिघं या वेळेला कामावर असतात, हे तेव्हा डोक्यातही आलं नाही.

तेवढ्यात आणखी एक पाऊल चढू लागलं. जड, सावकाश. पुरुषाचं. हे मात्र मला ओळखू येईना. ते वर आलं आणि अगदी माझ्या उंबऱ्याशी थांबलं.

माझ्या दाराला तीन कड्या आहेत. तिन्ही काढून मी दार उघडलं. बाहेर चिटपाखरू नव्हतं. आणि काळ्या जोडातला उजवा बूट नाहीसा झाला होता.

२

संध्याकाळी जिन्यात कल्ला झाला. सेक्रेटरींची सॅण्डल, शिंप्याची चप्पल, नर्सबाईंचा जादाचा पांढरा बूट, जोडप्यातल्या नवऱ्याचा पळायचा बूट आणि बायकोची टाचेची सॅण्डल, सगळ्यांचं एकेक गेलं होतं. सगळं उजव्या पायाचं.

"तुमचं काही गेलं का हो, टेलिफोनबाई?" सेक्रेटरींनी खालूनच ओरडून विचारलं.

"नाही."

"भावाचं?"

"नाही नाही."

घरात येऊन मी उरलेला डावा बूट कपाटात साड्यांखाली लपवला. चोरी माझी झाली आणि चोरासारखी मीच वागत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी झाडूवाल्या मावशींच्या हाकेने सगळे खाली धावले. जिन्याखाली त्यांचं झाडू-बादल्यांचं कपाट आहे. कोपऱ्यातलं जुनं पोतं ओढलं तर त्यामागे चपला-बुटांचा ढीग. मावशींनीच सगळ्यांना बोलावलं होतं.

"चोराच्या उलट्या बोंबा," सेक्रेटरी म्हणाले. "किल्ली कोणाकडे असते या कपाटाची?"

"माझ्याकडेच," मावशी म्हणाल्या.

"झालं तर मग."

ज्याने त्याने आपापली वस्तू ओळखली. पाच ओळखल्या गेल्या. सहावा बूट तसाच राहिला. काळा, दहा नंबरचा.

"हा कोणाचा?" सेक्रेटरींनी तो नाडीला धरून वर केला. कोणी बोललं नाही. माझ्या मजल्यावर कोणी येतच नाही, तर माझ्या दारात काय असतं ते कोणाला ठाऊक असणार? "म्हणजे बाहेरचा. बाईसाहेब दुसऱ्या बिल्डिंगमध्येही हात मारतात. मला आतापर्यंत थोडी तरी शंका होती, पण या बुटाने निकाल लावला. आज सहाला सगळे पार्किंगमध्ये या. उद्यापासून नवीन बाई."

मावशींनी त्या बुटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. अकरा वर्षं रोज तो जोड उचलून त्याखालचा केर काढणारी ती एकच बाई होती. त्यांनी मान खाली घातली आणि एक शब्द बोलल्या नाहीत.

३

मी त्यांना मागच्या नळाशी गाठलं.

"मावशी, तुम्ही सांगितलं का नाही?"

"काय सांगू? बाईंच्या भावाचा म्हणून?" त्यांनी फडकं पिळलं. "अकरा वर्षांत त्या बुटाच्या तळाला मातीचा कण लागला नाही. मला काय कळत नाही का, बाई? तुमची झाकली मूठ. मी कशाला उघडू?"



"पण तुमचं काम जाईल."

"एक गेलं असतं तर चाललं असतं. इथे चोर ठरले की बाकीच्या पाच बिल्डिंगांतही कोणी उभं करणार नाही. पोरगी नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. तिचं कसं करायचं, तेवढा एकच घोर आहे." हे त्या इतक्या साध्या आवाजात बोलल्या की मला लाज वाटली. चौतीस वर्षांत इतका सरळ आवाज मी फार कमी वेळा जोडून दिला असेल.

"काल कपाट उघडं कधी होतं?"

"दुपारी आले तेव्हा उघडलं. मग पाणी भरायला मागे आले. नळाला धार बारीक, वीस मिनिटं तरी गेली. चारनंतर बादल्या आत ढकलल्या आणि कुलूप लावून गेले. पोत्यामागे कोण बघतंय?"

म्हणजे कोणीतरी पावणेचारच्या सुमारास, मी कड्या काढत असताना, तो ढीग तिथे टाकला होता. माझ्या दाराशी आलेल्या त्या पावलांशी याचा संबंध होता. पण पाच जणांची पावलं वर आली आणि एकाचंही खाली गेलं नाही, हे काही केल्या जुळेना.

४

सेक्रेटरींनी पुरावा म्हणून सहाही वस्तू आपल्या बैठकीच्या खोलीत ओळीने मांडून ठेवल्या होत्या.

"काल पावणेचारला तुम्ही माझ्या मजल्यावर आला होतात?" मी विचारलं.

"मी? वर? अहो, इथून बाथरूमला जाताना मला देव आठवतो. झोपलो होतो मी."

खरं बोलत होते. श्वास अगदी सरळ होता.

"पण तुमची सॅण्डल आली होती."

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू माझा स्क्रू ढिला झालाय. मी लक्ष दिलं नाही. खाली बसले आणि एकेक वस्तू हातात घेतली. काळ्या बुटाच्या पुढच्या भागात कापूस ठासून भरला होता. नवऱ्याच्या बुटातही भरपूर. नर्सबाईंच्या बुटात थोडा कमी. चपला आणि सॅण्डलच्या पट्ट्यांखालीही कापसाचे बोळे दाबलेले होते. टाचेच्या सॅण्डलमध्ये अगदी चिमूटभर.

"विकायला पॅक केलंय," सेक्रेटरी म्हणाले.

"एकेकच? आणि उजवेच? असा माल कोण घेतो?"

"मग वेडी असेल ती."

"मावशींना अकरा वर्षांत कधी वेड लागलं नाही, नेमकं बुधवारी कसं लागलं?"

एवढ्यात त्यांची नात पाठीला दप्तर लावून आतून आली. साडेतीनला चित्रकलेचा क्लास सुटतो आणि चारला गणिताचा सुरू होतो. दिवसभरात पोरीला एवढा अर्धा तास मोकळा. "आजोबा, येते," म्हणाली आणि दाराकडे गेली. बैठकीत भर रस्त्यात सहा चपला-बूट मांडलेत, आणि नऊ वर्षांच्या मुलीने त्यांच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. त्यांना वळसा मात्र बरोबर घातला.

मी पुन्हा कापसाकडे पाहिलं. मोठ्या बुटात जास्त कापूस, लहानात कमी. हे सगळं एकाच मापाच्या पायासाठी भरलं होतं. आणि तो पाय फार लहान होता.

इतका कापूस बिल्डिंगमध्ये एकाच घरात सापडला असता.

५

चिमीने दार साखळी लावूनच उघडलं. आठ वर्षांची, गळ्यात दोरीला घराची किल्ली. शाळेतून दीडला येते, आई सातला. मधले साडेपाच तास ती काय करते, हे मी इतक्या वर्षांत कधी विचारलं नव्हतं. मी फक्त वरून ऐकायची. कधी ती जिन्यातल्या काळ्या फरशा टाळून नुसत्या पांढऱ्यांवर उड्या मारायची, कधी कठड्याच्या गजांवर पट्टी फिरवून आगगाडी करायची. गाडीची शिटीही तीच आणि उतरणारे पाहुणेही तीच.

"चिमी, कापूस आईच्या पेटीतला ना?"

ती गप्प. टेलिफोनवर मी नाना तऱ्हेच्या गप्प बसण्यांना तोंड दिलंय. हे रडू येण्याआधीचं होतं.

"मी रागवायला आले नाही. खेळ कोणता होता तेवढं सांग."

साखळी निघाली.

"'कोण आलं?'" ती म्हणाली. "म्हणजे खेळाचं नाव ते आहे. एकीने तुमच्या मजल्यावर भिंतीकडे तोंड करून बसायचं. दुसरीने कोणाची तरी चप्पल घालून खालून वर यायचं. नुसतं ऐकून ओळखायचं. मग चप्पल हातात घेऊन अनवाणी खाली जायचं आणि दुसरी घालायची."

म्हणून कोणी खाली गेल्याचं ऐकू आलं नव्हतं.

"एकाच पायात का?"

"दोन्ही घातल्या की आम्ही पडतो. आणि एक पाय आपला पाहिजे ना, नाहीतर पळता येत नाही." ती थोडी थांबली. "डाव्या हाताने कठडा धरायचा, म्हणून उजवी."

"हा खेळ कोणी काढला?"

"मी. आई खालच्या दारात आली की मला इथूनच कळतं. मग हळूहळू सगळ्यांचं ओळखायला लागले. पार्किंगमध्ये बॉल बंद, गच्चीला कुलूप. सेक्रेटरी आजोबांची नात आली की आम्ही दोघी खेळतो, पण तिला अर्धाच तास असतो."

मला तिच्याकडे बघवेना. माझ्याच पायाखाली, बरोबर एक मजला खाली, एक पोर मी करते तेच करत बसली होती. फक्त तिने त्याचा खेळ केला होता. मला एकोणीस वर्षांत तेवढंही सुचलं नाही.

"तुमच्या कड्या वाजल्या आणि आम्ही पळालो," ती म्हणाली. "कपाट उघडं होतं म्हणून त्यात टाकलं. परत काढायला गेलो तर कुलूप. मी खरंच सांगणार होते. पण ती म्हणाली, आजोबा मला खेळायला पाठवणारच नाहीत. मग मी एकटीच राहीन." आता ती रडायला लागली. "मावशींना काढणार का?"

"नाही काढणार."

"नक्की?"

"नक्की." मी म्हटलं खरं, पण सेक्रेटरी पहिला प्रश्न काय विचारणार ते मला दिसत होतं. पाच वस्तू बिल्डिंगच्या, मुलींनी घेतल्या, मान्य. पण सहावा बूट? मुली बाहेरून तर आणणार नाहीत. त्या एका बुटावर सगळं घोडं अडणार होतं.

चिमीने नाक पुसलं. "पण आजी, मी कधीच हरत नाही. काल पहिल्यांदा हरले. तुमच्या भावाचा बूट मला ओळखताच आला नाही. मी त्यांना कधी ऐकलंच नाहीये. ते कसे चालतात?"

घड्याळात साडेपाच झाले होते.

६

पार्किंगमध्ये खुर्च्या मांडल्या होत्या. मावशी खांबाशी उभ्या होत्या. त्यांना कोणी बसा म्हटलं नव्हतं. चिमी आईच्या मागे लपली होती. नर्सबाई मुद्दाम लवकर आल्या होत्या.

मी उभी राहिले आणि जसं कळत गेलं तसं सांगितलं. आधी वीस मिनिटं उघडं राहिलेलं कपाट. मग कापूस. मग एका पायाची, वर येणारी आणि खाली न जाणारी पावलं. खेळात दोन लहान मुलं होती एवढंच म्हटलं, नावं घेतली नाहीत. पण सेक्रेटरींची नात ताडकन उठली.

"आजोबा, चालायचे ते मी. ओळखायची चिमी. मावशींचा काही संबंध नाही."

सेक्रेटरींचा चेहरा पाहण्यासारखा झाला. दातओठ खावेत तर नात आपलीच. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"ठीक आहे. पाच वस्तूंचा खुलासा झाला. पण हा?" त्यांनी काळा बूट टेबलावर ठेवला. "हा आकाशातून पडला? याचा मालक सापडत नाही तोपर्यंत मी या बाईला कामावर ठेवणार नाही. मुलींनी पाच घेतले असतील. सहावा हिचाच उद्योग."

"आजोबा, तो—" नात बोलू लागली.

"तू गप्प बस."

मावशींनी माझ्याकडे पाहिलं आणि हळूच मान हलवली. बोलू नका, असं त्या मला सांगत होत्या. त्यांचं सगळं पणाला लागलेलं आणि त्या माझी अब्रू सांभाळत होत्या. मला माझीच चीड आली.

"तो माझा आहे," मी म्हटलं. "डावा वर कपाटात आहे. हवा तर आणून दाखवते."

"म्हणजे तुमच्या भावाचा."

"माझा. भाऊ नाही. कधीच नव्हता. लोकांना दिसावेत म्हणून मी बूट ठेवते. मावशींना हे पहिल्यापासून माहीत होतं आणि माझ्यासाठी त्या चोर ठरायला तयार झाल्या. माफी मागायची असेल तर त्यांची मागा. मीही मागते."

 आता लोक हसतील, असं मी धरून चालले होते. त्यांचं हसणं सोसायची मनाची तयारीही केली होती. पण कोणी हसलं नाही. सगळे आपापल्या पायांकडे पाहत होते.

पहिल्यांदा शिंपी बोलला. "माहीत आहे हो, बाई."

"काय माहीत आहे?"

"हेच, भावाचं. एकोणीस वर्षांत तुमच्याकडून एक पँट उसवायला आली नाही की एका शर्टाला बटण लावायला आलं नाही. तुमच्या दोरीवर कधी पुरुषाचा कपडा नाही. आमच्या धंद्यात हे आपोआप कळतं."

"मलाही माहीत होतं," नर्सबाई म्हणाल्या. "इथे राहायला आले त्याच महिन्यात कळलं होतं."

त्या नोकरदार जोडप्यानेही माना हलवल्या. मी सेक्रेटरींकडे पाहिलं.

"तुम्हालाही?"

"अहो, सोसायटीचे फॉर्म मीच भरतो," ते चाचरत म्हणाले. पुढे ते मावशींकडे वळले. "मावशी, चुकलं माझं. उद्या नेहमीच्या वेळेला या." एवढं बोलायला त्यांना फार कष्ट पडले. मावशींनी पदराने डोळे टिपले आणि खांबाशीच खाली बसल्या. नर्सबाईंनी त्यांना उठवून आपल्या खुर्चीवर बसवलं.

मी अजून उभीच होते. एकोणीस वर्षं मी बंद दाराआड एका माणसाशी मोठ्याने बोलत आले, आणि ज्यांच्यासाठी बोलत होते त्यांना सगळं ठाऊक होतं.

"मग एकानेही कधी वर येऊन विचारलं का नाही?"

सेक्रेटरींनी घसा साफ केला. "वर आलो असतो तर भावाची चौकशी करावी लागली असती. तुम्हाला उगाच खोटं बोलावं लागलं असतं. तुम्हाला वाईट वाटू नये, म्हणून मग कोणी आलंच नाही."

"वाईट वाटलं असतं," मी म्हटलं. "पण कोणीतरी आलं तरी असतं."